जोत्यापासून गच्चीपर्यंत : एका घराच्या सांगाड्याच्या आणि बाह्यकामाच्या नोंदी

४ नोव्हेंबर

जोत्यापर्यंतचे काम दुसऱ्या ठेकेदाराने केले होते. आज ते मोजून ताब्यात घेतले. घर तळमजला अधिक पहिला मजला एवढेच आहे. बारा कॉलम असून कोपऱ्यांतील कॉलमांच्या मध्यरेषा १२ मीटर आणि ९ मीटर अंतरावर आहेत, त्यामुळे दोन्ही कर्ण बरोबर १५ मीटर भरायला हवेत. एक १५.००९ भरला आणि दुसरा १४.९९१. कर्णांतील हा १८ मिलिमीटरचा फरक म्हणजे ९ मीटरची बाजू सुमारे ११ मिलिमीटरने तिरकी गेली आहे. जोत्यात एवढे खपून जाते. परंतु याच रेषांवर कॉलम, त्यांवर बीम आणि शेवटी खिडक्यांच्या चौकटी व फरशीचे सांधे येणार आहेत, आणि तिथे हा तिरकेपणा कोणाच्याही डोळ्यांना दिसेल. १२ मीटरची एक बाजू पायाभूत धरून, ९-१२-१५ च्या काटकोनाने नव्या मध्यरेषा काढल्या, जोत्यावर सूत मारून घेतले आणि जुन्या खुणा घासून टाकल्या. दोन खुणा शेजारी-शेजारी राहिल्या की साचे लावणारा सुतार एक पकडतो आणि सळ्या बांधणारा फिटर दुसरी.

नव्या रेषेवर तपासताना सी-७ कॉलमच्या सळ्या ३५ मिलिमीटर बाहेर असल्याचे आढळले. मुकादम म्हणाला, "मॅडम, पाइप घालून वाकवू, अर्ध्या तासाचं काम आहे." असे जोत्याच्या तोंडाशी एकदम वाकवलेल्या सळीवर भार आला की ती बाहेर ढकलली जाते आणि तिथलेच काँक्रीट फोडते, म्हणून काम थांबवून संरचना अभियंत्यांना बोलावले. त्यांनी सळीचा उतार १ : ६ पेक्षा तीव्र नको असे सांगितले. म्हणजे ३५ मिलिमीटरसाठी निदान २१० मिलिमीटर लांबी हवी. त्यानुसार सळ्यांभोवतीचे काँक्रीट २५० मिलिमीटर खोल फोडून, सळ्या सावकाश वळवून, वाकाच्या जागी सळ्यांना वेढणाऱ्या जादा रिंगा बांधून तो भाग पुन्हा भरायचा आहे. एका कॉलमपायी दोन दिवस जाणार आहेत आणि ठेकेदार नाराज आहे.

९ नोव्हेंबर

सहा कॉलमांचे लोखंड आणि साचे तपासले. प्रत्येक कॉलम २३० × ४५० मिलिमीटरचा असून त्यात १६ मिलिमीटरच्या आठ सळ्या आहेत. जोत्यातून वर आलेल्या सळ्या दीड मीटर सोडलेल्या असल्यामुळे ८०० मिलिमीटरचा लॅप (जुनी आणि नवी सळी शेजारी-शेजारी बांधायची लांबी) कॉलमच्या मधल्या उंचीत घेता आला, ही आधीच्या ठेकेदाराने केलेली चांगली गोष्ट नोंदवून ठेवते. रिंगांचे हुक मात्र चार ठिकाणी ९० अंशांत वळवलेले होते. वरचे काँक्रीट सुटले तर असा हुक उघडतो. १३५ अंशांत वळवून आतल्या काँक्रीटमध्ये रुतवलेला हुक उघडत नाही. त्या रिंगा बदलायला लावल्या. फिटरने हुज्जत घातली नाही. त्याला ते ठाऊक होते. रिंगा वळवणारा पोरगा नवीन होता.

कव्हरसाठी, म्हणजे सळ्यांवर राहणाऱ्या काँक्रीटच्या जाडीसाठी, ४० मिलिमीटरचे सिमेंटचे ठोकळे बांधले आहेत. एका कॉलममध्ये ठोकळ्यांऐवजी खडीचे तुकडे खुपसलेले मिळाले, ते काढून टाकले. साच्याचा ओळंबा दोन्ही बाजूंनी घेतला आणि काँक्रीट ओतून झाल्यावर पुन्हा घ्यायचा असे ठरवले, कारण काँक्रीट घट्ट बसवणारा व्हायब्रेटर चालवताना टेकू सरकतात आणि पहिला ओळंबा निरुपयोगी ठरतो.

आजपासून एक वही ठेवली आहे. जे काम पुढच्या कामाखाली झाकले जाणार, त्याच्यावर झाकणाऱ्याची आणि झाकले जाणाऱ्याची अशा दोन सह्या घ्यायच्या. फिटरचे काम सुतार झाकतो, इलेक्ट्रिशियनचे काम काँक्रीटवाला झाकतो, गवंड्याचे काम प्लास्टरवाला झाकतो. माझ्या अनुभवात घराच्या बाहेरून दिसणाऱ्या बहुतेक दोषांचा जन्म कोणाच्या कामात होत नाही. तो दोन कामांच्या मध्ये, जिथे प्रत्येकाला वाटते की ते दुसऱ्याचे आहे, तिथे होतो.

१२ नोव्हेंबर

साचे उघडले. सहापैकी चार कॉलम स्वच्छ निघाले आणि दोघांच्या पायथ्याशी खडी उघडी पडलेली दिसली. मुकादमाने गिलाव्याचे घमेले भरून आणलेलेच होते. ते परत पाठवले. माझ्या पाहणीपूर्वी उघड्या खडीवर सिमेंटचा हात फिरला तर तो कॉलम फोडून बघावा लागेल, हे पहिल्या दिवशी सांगितले होते आणि आज पुन्हा सांगितले.

छिन्नीने सैल भाग काढल्यावर सी-४ चा दोष केवळ कव्हरपुरता, सुमारे २० मिलिमीटर खोल निघाला. सी-९ मध्ये मात्र रिंग आणि एका सळीची पाठ उघडी पडली. कारण दोघांचे एकच होते: साच्याच्या तळाशी जोत्याचा पृष्ठभाग खडबडीत असल्याने फट राहिली, तिथून सिमेंटचा रस वाहून गेला आणि मागे खडी उरली. त्यात पहिला थर जवळजवळ एक मीटरचा एकदम ओतला गेल्याने व्हायब्रेटरची सुई तळापर्यंत पोचलीच नाही. सी-९ ची दुरुस्ती अभियंत्यांनी पाहून दिलेल्या पद्धतीने, सळीच्या मागेपर्यंत खोदून, न आकसणाऱ्या ग्राउटने (भरावाच्या पातळ मसाल्याने) करायची आहे. उरलेल्या सहा कॉलमांसाठी साच्याखाली फोमची पट्टी, साच्याच्या मध्यावर ओतण्यासाठी खिडकी आणि जास्तीत जास्त अर्धा मीटरचे थर असे ठरले. खिडकीमुळे काँक्रीट दीड मीटरपेक्षा जास्त उंचीवरून पडणार नाही, हाही फायदा आहे.

२० नोव्हेंबर

सर्व कॉलम झाले. बीम आणि स्लॅबचे सेंटरिंग, म्हणजे खालचे साचे आणि टेकू, चालू आहे.

आज मालक आणि मालकीणबाई आल्या होत्या. बैठकीच्या खोलीच्या कोपऱ्यातला कॉलम काढून तिथे कोपऱ्याची खिडकी करता येईल का, असा प्रश्न त्यांनी विचारला. प्रश्न वाजवी होता. तो पाया खोदण्याआधी आला असता तर त्याचे उत्तर वेगळे असते. आता त्या कॉलमखाली पाया आहे, त्याच्या डोक्यावर दोन बीम येऊन टेकणार आहेत, आणि तो काढायचा तर दोन्ही बीम अधांतरी धरून त्यांची मागची टोके, पलीकडचे कॉलम व त्यांचे पाये नव्याने तपासावे लागतील. अभियंत्यांनी नकार दिला आणि मीही तो मऊ करून सांगितला नाही. मात्र मालकीणबाईंना कोपरा हवा होता तो उजेडासाठी, हे बोलताना लक्षात आले. त्यामुळे कॉलम राहू देऊन, १.८ मीटरची खिडकी ३ मीटर रुंद आणि थेट बीमच्या तळापर्यंत उंच करण्याचा पर्याय आर्किटेक्टने जागेवरच रेखाटला. तो दोघांनाही आवडला.

या बदलाचा खरा परिणाम खिडकीत नसून छज्ज्यात आहे. जुन्या नकाशात छज्जा लिंटेलमधून, म्हणजे खिडकीवरच्या आडव्या पट्टीतून, निघत होता आणि लिंटेल वीटकामाच्या वेळी, म्हणजे दोन महिन्यांनी होणार होते. आता लिंटेलच उरले नाही. छज्जा बीममधून निघणार, म्हणून त्याच्या सळ्या आत्ताच, स्लॅबच्या आधी, बीममध्ये गुंतवल्या पाहिजेत. सुधारित नकाशा हाती येईपर्यंत त्या बीमचे लोखंड बांधायचे नाही, असे वहीत लिहून फिटरची सही घेतली. बदल तोंडी मान्य होतात आणि कागदावर आठवड्याने येतात. त्या आठवड्यात काँक्रीट पडते.

२६ नोव्हेंबर

सेंटरिंगची पाहणी केली. स्लॅब १२५ मिलिमीटर जाड, बीमांसह एकूण काँक्रीट सुमारे १८ घनमीटर, म्हणजे ओले वजन ४५ टनांच्या आसपास. त्यावर माणसे, सळ्या, पंपाचा पाइप. आतल्या भागात टेकू जोत्याच्या पक्क्या भरावावर आहेत. बाहेर काढलेल्या १.२ मीटरच्या बाल्कनीचे टेकू मात्र पायाच्या खड्ड्यात परत ढकललेल्या सैल मातीवर, विटेच्या तुकड्यावर उभे होते. पाऊस न पडताही ही माती भाराखाली दबते, आणि बाल्कनीचे टोक १५-२० मिलिमीटर खाली गेलेले मग कायम दिसत राहते. माती काढून, थरांत ठोकून, आडव्या फळ्या टाकून टेकू पुन्हा उभे करायला लावले.

स्लॅबच्या तळाची लेव्हल पाण्याच्या नळीने नऊ ठिकाणी घेतली, सर्वांत मोठा फरक ४ मिलिमीटर. हे चांगले आहे.

१ डिसेंबर

स्लॅबचे लोखंड, इलेक्ट्रिकचे पाइप आणि प्लंबिंगचे स्लीव्ह (पाइप जाण्यासाठी काँक्रीटमध्ये सोडायच्या नळ्या) यांची एकत्र तपासणी केली. सकाळी नऊला सुरू केली आणि दिवस गेला.

लोखंड स्वतःपुरते ठीक होते. अंतरे नकाशाप्रमाणे, स्लॅबला २० आणि बीमला २५ मिलिमीटर कव्हर. परंतु इलेक्ट्रिशियनने विजेच्या मीटरच्या जागेवर येणारे अकरा पाइप एकमेकांना चिकटवून, दोन सळ्यांच्या मधून, जवळपास ३०० मिलिमीटर रुंदीत नेले होते. तेवढ्या पट्ट्यात काँक्रीटऐवजी प्लॅस्टिकच भरले असते आणि खाली भेग पडली असती. पाइप पसरवून, दोहोंत निदान एका मोठ्या खडीला जागा राहील अशी अंतरे ठेवून, खालच्या आणि वरच्या सळ्यांच्या मधून नेले.

प्लंबर आलाच नव्हता. "नंतर कोअर कटिंग करू," असा त्याचा निरोप होता. वरच्या न्हाणीघराचा आउटलेट पाइप नकाशाप्रमाणे एका बीमला भेदून जातो. तिथे नंतर भोक पाडायचे म्हणजे बीमच्या सळ्या आणि रिंगा तुटण्याचा धोका पत्करायचा. ठेकेदाराला स्पष्ट सांगितले की प्लंबर येऊन स्लीव्ह बसवेपर्यंत काँक्रीटची गाडी मागवायची नाही. तो दुपारी दोनला आला, रागातच आला, आणि चार स्लीव्ह बसवून गेला. बीममधील स्लीव्ह उंचीच्या मध्यावर आणि आधारापासून दूर घेतला, दोन्ही बाजूंना जादा रिंगा बांधल्या.

छज्ज्याच्या सळ्या सुधारित नकाशाप्रमाणे आल्या आहेत. छज्जा एका बाजूने धरलेला असल्याने ताण वरच्या अंगाला येतो आणि मुख्य सळ्या वर हव्यात. पाहणी चालू असताना दोन कामगार त्याच सळ्यांवर पाय देऊन चढले आणि सळ्या डोळ्यांदेखत ३० मिलिमीटर खाली गेल्या. छज्जा ९० मिलिमीटर जाड आहे. सळ्या इतक्या खाली राहिल्या तर तो वजन पेलण्याच्या कामाचा उरत नाही. खाली सळीच्या घोड्या लावल्या, शेजारी चालण्यासाठी फळी टाकली आणि स्लॅब ओतण्याच्या दिवसासाठी एक माणूस केवळ तिथे उभा राहायला नेमला. मुकादमाला हे हास्यास्पद वाटले.

३ डिसेंबर

स्लॅब पडला. सकाळी ७.३० ला पहिली गाडी, दुपारी १.४० ला शेवटचा हात.

काँक्रीट एम २५, म्हणजे २८ दिवसांत २५ न्यूटन प्रति चौरस मिलिमीटर ताकदीचे. प्रत्येक गाडीचा स्लम्प (काँक्रीट किती पातळ आहे याचे माप) घेतला: पहिली ११० मिलिमीटर, दुसरी १२०. तिसरी गाडी वाटेत अडकून उशिरा आली. चालकाने फाटकाबाहेर ड्रममध्ये पाणी सोडलेले आमच्या माणसाने पाहिले. स्लम्प १९० भरला. असे पातळ झालेले काँक्रीट पंपातून सुरेख वाहते आणि ओतणाऱ्यांना फार आवडते. पण सिमेंट तेवढेच राहून पाणी वाढले की ताकद घटते आणि आकसण्याच्या भेगा वाढतात. गाडी परत पाठवली. बदली गाडी यायला पन्नास मिनिटे लागणार होती, आणि ओतण्याची कड घट्ट होऊन सांधा पडण्याची भीती होती. म्हणून उरलेले काँक्रीट वापरून ओतण्याची कड गाळ्याच्या (दोन आधारांमधल्या अंतराच्या) मधल्या एक-तृतीयांश भागात, जिथे कातरबल, म्हणजे स्लॅबला कापू पाहणारे बल, कमी असते, सरळ आणून थांबवली, कड गोणपाटाने ओली ठेवली. चौथी गाडी ४५ मिनिटांत आली, तेव्हा कडेत व्हायब्रेटरची सुई अजून आपोआप आत शिरत होती. सांधा पडला नाही.

एक व्हायब्रेटर अकरा वाजता बंद पडला. दुसरा तयार ठेवला होता. छज्ज्याजवळच्या माणसाने दिवसभरात सात जणांना सळ्यांवरून हटवल्याचे सांगितले.

स्वीकारलेल्या तिन्ही गाड्यांतून ताकद तपासण्यासाठी काँक्रीटचे १५० मिलिमीटरचे ठोकळे भरले: २८ दिवसांसाठी प्रत्येकी तीन आणि सात दिवसांसाठी प्रत्येकी एक.

४ ते १० डिसेंबर

वाफे करून स्लॅबवर पाणी साठवले. बीमच्या बाजू आणि कॉलम यांच्यावर पाणी ठरत नाही, म्हणून त्यांना गोणपाट गुंडाळले. रोज सकाळी व संध्याकाळी मी स्वतः गोणपाटाला हात लावून पाहिला. तीनदा तो कोरडा मिळाला.

११ डिसेंबर

सात दिवसांचे निकाल आले: १७.८, १८.४ आणि १७.१ न्यूटन प्रति चौरस मिलिमीटर. २८ दिवसांच्या २५ च्या मानाने सात दिवसांत साधारण दोन-तृतीयांश ताकद अपेक्षित असते, त्यामुळे समाधान आहे.

ठेकेदाराने लगेच सर्व टेकू मागितले, कारण वरच्या स्लॅबला तेच लावायचे आहेत. आमच्या कामाच्या अटींत ४.५ मीटरपर्यंतच्या स्लॅबचे टेकू सात दिवस आणि ६ मीटरपर्यंतच्या बीमचे टेकू चौदा दिवस ठेवायचे आहेत. गाळे ४ आणि ४.५ मीटरचे आहेत. स्लॅबचे टेकू काढायला दिले, मधून सुरुवात करून आधाराकडे जात. बीमचे १७ तारखेपर्यंत हलणार नाहीत. बाल्कनी आणि छज्ज्याचे टेकू तर वरचा स्लॅब होईपर्यंत ठेवायचे आणि काढताना बाहेरच्या टोकापासून आत यायचे, हे मुकादमाकडून तोंडी वदवून घेतले. वरच्या ओल्या स्लॅबचा भार खालच्या कोवळ्या स्लॅबवर येणार असल्याने, वरचे काँक्रीट पडताना खाली काही टेकू पुन्हा उभे करावे लागतील. ठेकेदाराला आणखी एक संच भाड्याने आणावा लागेल. ते कामाच्या अटींत पहिल्यापासून लिहिलेले आहे.

६ जानेवारी

पहिल्या मजल्याचे कॉलम आणि गच्चीचा स्लॅब यांबद्दल वेगळे सांगण्यासारखे थोडे आहे, आणि हे चांगले लक्षण आहे. साचे त्याच माणसांनी लावले, चुका एकदा झाल्या होत्या त्या पुन्हा झाल्या नाहीत. प्लंबर न बोलावता आला. गच्चीचा स्लॅब २ तारखेला पडला. पॅरापेटसाठीच्या (गच्चीच्या कठड्यासाठीच्या) सळ्या कडेला सोडल्या आहेत आणि पावसाच्या पाण्याच्या पाइपांचे चार स्लीव्ह बसवले आहेत.

पहिल्या स्लॅबचे २८ दिवसांचे निकाल: तीन नमुन्यांची सरासरी ३१.२, ३०.४ आणि ३२.०. सी-९ च्या दुरुस्तीवर हातोडीने ठोकून पाहिले, आवाज भरीव आहे.

१८ जानेवारी

बाहेरच्या भिंतींचे काम सुरू झाले. ६०० × २०० × २०० मिलिमीटरचे हलके ब्लॉक, पातळ अ‍ॅडहेसिव्हच्या सांध्यात. पहिला थर मात्र जाड मसाल्यावर घेतला, कारण स्लॅबमधला चढउतार तिथेच जिरवावा लागतो. वरच्या तीन मिलिमीटरच्या सांध्यात काहीच जिरत नाही. विटा भिजवण्याची सवय असलेल्या गवंड्यांनी ब्लॉक हौदात बुडवून ठेवले होते. हे ब्लॉक पाणी शोषून फुगतात आणि भिंतीत वाळताना आकसून भेगा देतात. ते बाजूला काढले; पृष्ठभागावर पाणी शिंपडणे पुरे आहे. एका दिवसात सव्वा मीटरपेक्षा जास्त उंची घ्यायची नाही.

भिंत बीमला टेकवायची नाही, वर २०-२५ मिलिमीटरची फट ठेवायची, यावर बराच वेळ बोलावे लागले. थोरल्या गवंड्याला हे अपुरे काम वाटत होते. सांगाडा अजून बसतो आहे. भार वाढत जाईल तसे बीम किंचित वाकतील, आणि आत्ता घट्ट बसवलेली भिंत तो भार अंगावर घेऊन तडकेल. फट सर्व भिंती उभ्या राहिल्यावर, वरच्या मजल्यापासून सुरू करून खाली येत भरायची आहे. ऐकून झाल्यावर त्यांनी विचारले, "मग आमच्या आजवरच्या घरांत प्रत्येक भिंतीला बीमखाली आडवी रेघ यायची, ती ह्यामुळेच का?" बऱ्याच अंशी ह्यामुळेच. दुसरे कारण प्लास्टरच्या वेळी येईल.

२९ जानेवारी

खिडक्यांवरून तिढा. खिडक्या बनवणारा म्हणतो की प्लास्टर झाल्यावर माप घेईन आणि मग बनवीन. प्लास्टरवाला म्हणतो की चौकट असल्याशिवाय कड कुठे थांबवू. दोघेही आपापल्या जागी बरोबर आहेत, आणि दोघांचे ऐकले तर महिना जातो.

लोखंडी अँगलचे फर्मे बनवून घेतले, प्रत्येक मापाचा एक. फर्मा भोकात ओळंब्यात बसवायचा, प्लास्टर त्याच्या कडेपर्यंत आणायचे, फर्मा काढून पुढच्या खिडकीला न्यायचा. खिडकीवाल्याने फर्म्याच्या मापातून चारी बाजूंनी ५ मिलिमीटर वजा करून आजच कामाला लागायचे. ती फट सिलंटने भरली जाईल. मोठ्या खिडकीचा फर्मा तीन मीटरचा असल्याने मध्येच लवत होता, त्याला कर्णात पट्टी मारली.

खिडकीच्या तळाच्या दगडाला बाहेरच्या बाजूला उतार आणि खालून, कडेपासून २५ मिलिमीटर आत, खाच हवी. पाणी दगडाच्या पोटाला चिकटून भिंतीकडे परत येते. खाच आली की तिथे थेंब होऊन गळते. आलेल्या चौदा दगडांपैकी सहांना खाच नव्हती. परत पाठवले. छज्ज्याच्या पोटालाही अशीच खाच प्लास्टरमध्ये घ्यायची आहे.

६ फेब्रुवारी

परांची बांधून झाली आणि बीमखालच्या फटी भरून झाल्या. प्लास्टरच्या आधीची पाहणी केली. काँक्रीटच्या गुळगुळीत बाजूंना प्लास्टर धरावे म्हणून टाचे (छिन्नीचे खवले) मारलेले आहेत, पण उत्तरेच्या दोन कॉलमांना मारलेले नाहीत. जिथे काँक्रीट आणि ब्लॉक भेटतात तिथे दोन्ही बाजूंना १५० मिलिमीटर येईल अशी जाळी हवी, कारण दोन्ही पदार्थ ऊन-थंडीत आणि ओल-कोरडेपणात वेगवेगळे हलतात. बीमखालच्या आडव्या रेघेचे हे दुसरे कारण. जाळी भिंतीला सपाट खिळवून टाकलेली होती. तशी ती प्लास्टरच्या मागे राहते आणि काहीच धरत नाही. ती पहिल्या थराच्या अंगात, मसाल्यात दाबून बसवायची असे करून दाखवले.

ठेकेदाराला मजबुतीसाठी सिमेंट वाढवून १:३ मसाला हवा होता. मऊ ब्लॉकवर एवढे कडक प्लास्टर अधिक आकसते आणि सोडते. दोन्ही थर १:५, आतला १२ आणि बाहेरचा ८ मिलिमीटर, आणि बाहेरचा थर आतल्यापेक्षा कधीही कडक नको. पश्चिमेची भिंत सकाळीच संपवायची, म्हणजे दुपारचे ऊन ओल्या प्लास्टरवर पडणार नाही.

२४ फेब्रुवारी

बाहेरचे प्लास्टर २१ तारखेला संपले. पश्चिमेला एका ठिकाणी, परांचीचे बांबू भिंतीत घातलेल्या भोकांच्या रांगेत, पोकळ आवाज आला; भोके घाईने, वरच्या थराबरोबरच भरलेली होती. तेवढा पट्टा काढून आधी भोके भरली, मग प्लास्टर.

गच्चीचे वॉटरप्रूफिंग झाले. उतार १ : १०० आहे, म्हणजे मधल्या कण्यापासून ४.५ मीटरवरच्या आउटलेटपर्यंत ४५ मिलिमीटर. पॅरापेटच्या पायथ्याशी वाटा (कोपऱ्याची गोलाई) काढून आवरण भिंतीवर ३०० मिलिमीटर चढवले. आउटलेट बंद करून गच्चीत पाणी भरले आणि ७२ तास ठेवले. पाणी घटले तर ते गळाले की वाळले, हे कळावे म्हणून शेजारी पाण्याने भरलेले एक घमेले ठेवले आणि दोन्हींत पट्टीने पातळी घेतली. तीन दिवसांत घमेल्यात ११ मिलिमीटर आणि गच्चीत १६ मिलिमीटर घट झाली. पाच मिलिमीटर कुठेतरी गेले होते.

ते ईशान्येच्या पाइपाजवळ सापडले: खालच्या अंगाला, पाइप आणि स्लीव्हमधल्या जागेत, ओल्या वर्तुळाच्या रूपात. प्लंबरने पाइप बसवला, मधली जागा गवंडी भरेल असे धरले. गवंड्याने वरून साधा मसाला लावला, खाली काय आहे ते पाहिले नाही. वॉटरप्रूफिंगवाल्याने त्या मसाल्यावर आवरण चढवले. वहीत या जागेची सही नव्हती. ती जागा मीच यादीत धरली नव्हती. चारही पाइपांभोवतीचा मसाला काढून न आकसणारे ग्राउट भरायला लावले, आवरण पुन्हा केले. दुसऱ्या चाचणीत घट घमेल्याएवढीच आली.

८ मार्च

खिडक्या बसल्या, सिलंट भरले. आज नळीने पाणी मारून चाचणी घेतली. सुरुवात खालून करून हळूहळू वर गेलो, कारण वरून सुरू केले तर पाणी सगळीकडे पसरते आणि कुठून शिरले ते कळत नाही. मोठ्या खिडकीला दहा मिनिटे पाणी मारूनही आत थेंब नाही आणि छज्ज्याच्या खाचेतून पाणी सरळ रेषेत गळत होते. मालकीणबाई आतल्या बाजूला उभ्या राहून हे पाहत होत्या.

पाणी दुसरीकडूनच आले. पश्चिमेच्या भिंतीवरच्या दिव्याचा पाइप बाहेरून आत किंचित उतरता आहे, आणि त्याच्या तोंडातून आतल्या स्विचच्या डब्यात पाणी ठिबकले. इलेक्ट्रिशियनला बोलावून बाहेरच्या पाचही दिव्यांचे पाइप तपासले. आणखी एक तसाच निघाला. दोन्ही पाइपांची बाहेरची तोंडे खाली वळवून, तोंडाभोवती सिलंट भरायचे आहे.

उत्तर, पूर्व आणि दक्षिणेकडची परांची उद्या उतरवायला सांगितले. पश्चिमेकडची दुसरी पाणी-चाचणी होईपर्यंत उभी राहील. ठेकेदाराने तिच्या भाड्याचा प्रश्न काढला, तो दोन दिवसांपुरता मालकांनी मान्य केला. रंगारी सोमवारी येऊन भिंत बघून जाणार आहे, पण प्लास्टर वाळायला अजून वेळ द्यायचा असल्याने प्रायमरला २१ मार्चच्या आधी हात लावायचा नाही, असे त्याच्यासाठी फाटकावर लिहून ठेवले आहे.